राष्ट्रीय शोकावर काळा विनोद: कुठवर?

प्रश्न: दुर्घटनेनंतर लोक बंद दाराआड कसे वागतात, यावर उपहासकथा लिहितोय. नायकाला रडू येत नाही. सगळे करतात म्हणून तो डीपी काळा करतो आणि लाइक मोजत बसतो. मृतांचा अपमान होतोय का?

उत्तर १: नाही, टोला दिखाव्याला बसतो. नोव्हेंबर १९७० मध्ये फ्रान्समधल्या एका नृत्यगृहाच्या आगीत १४६ माणसं गेली. आठवड्याभराने माजी राष्ट्राध्यक्ष द गॉल आपल्या कोलोंबे गावी वारले. 'हाराकिरी' या उपहास-साप्ताहिकाचा मथळा होता: 'कोलोंबेत नृत्याला गालबोट, एक मृत'. सरकारने बंदी घातली. त्याच मंडळींनी लगेच 'शार्ली एब्दो' हे नवं साप्ताहिक काढलं!

उत्तर २: मथळा धारदार, मान्य. पण आगीत पोर गमावलेल्या आईने तो वाचला असेल तर? मला तीच दिसते. लाइक मोजणारा हात जरूर दाखवा, प्रेतं मात्र विनोदाला वापरू नका.

प्रश्नकर्ता: पटलं. शवागाराचा प्रसंग काढतोय.