हजर दिनांकावरून लावलेली ज्येष्ठता यादी आता दुरुस्त होईल का?

नमस्कार. राज्य शासनाच्या एका जिल्हा कार्यालयात मी २०१३ मध्ये लिपिक-टंकलेखक म्हणून लागले. निवड यादीत माझा नंबर सातवा. आदेश ३ जूनला निघाले. बाकीचे आठवडाभरात हजर झाले. माझी आई तेव्हा दवाखान्यात होती, त्यामुळे मी २८ जूनला हजर झाले. कुणी काही बोललं नाही.

पुढे कुणीतरी हजर दिनांकाचा रकाना धरून ज्येष्ठता यादी लावली आणि मी सातवरून एकोणिसावर. दरवर्षी १ जानेवारीच्या स्थितीची यादी निघते, हरकती मागवतात, हे ऐकून होते. पण मी तालुक्याला, यादी लागायची जिल्ह्याच्या बोर्डावर. २०२१ मध्ये माझ्या खालच्या गुणांचे चौघे वरिष्ठ लिपिक झाले तेव्हा कळलं. २०२२ मध्ये अर्ज केला, मग दोन स्मरणपत्रं. उत्तर नाही.

२०२४ मध्ये माझीही पदोन्नती झाली. पण १० वर्षांचा आश्वासित प्रगतीचा लाभ (पदोन्नती न होता मिळणारी वरची वेतनश्रेणी) २०२३ मध्येच मिळाला होता, म्हणजे वरिष्ठ लिपिकाची एस-८ वेतनश्रेणी आधीच लागू होती. पगारात दमडीची भर नाही, फक्त टेबल बदललं! पुढच्या पदासाठीही तेच चौघे माझ्या पुढे.

मानीव दिनांक, म्हणजे त्या चौघांबरोबरच पदोन्नती झाली असं मानून मागची तारीख, मिळेल का? थकबाकीचं काय? त्या चौघांतली एक माझी रोजची डब्याची सोबतीण आहे, म्हणून जिवावर आलंय.

जुनी आस्थापना
ताई, २०१३ ची भरती म्हणजे तुम्हाला १९८२ ची ज्येष्ठता नियमावली. नवी २०२१ ची आहे, ती नंतरची. सरळसेवेच्या (पदोन्नतीने नव्हे, थेट भरतीच्या) एकाच निवडीतल्यांची आपापसातली ज्येष्ठता गुणवत्ताक्रमानेच लागते. अट एवढीच की आदेशापासून ३० दिवसांत, किंवा वाढवून दिलेल्या मुदतीत, हजर झालेलं असावं. तुम्ही त्यात बसता. कोण आधी हजर झालं याला इथे काही अर्थ नाही. असल्या याद्या एक्सेलमध्ये एक बटण दाबून लावतात आणि निस्तरायला दहा वर्षं जातात.
निवड यादी आणि नियुक्ती आदेशाची प्रत आहे का? नसेल तर माहिती अधिकारात मागा, ३० दिवसांत द्यावी लागते. आणि विभागीय परीक्षा ४ वर्षं ३ संधींत पास झालात ना? ते हुकलं असेल तर गुणवत्ताक्रम धरून भांडता येणार नाही.

खंडपीठकर
कडू बोलतो, रागावू नका. मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) दाद मागायची मुदत एक वर्षाची. अर्जाला उत्तर आलं नाही तर सहा महिने वाट पाहून पुढे एक वर्ष. तुमच्या २०२२ च्या अर्जावर ती कधीच उलटली. स्मरणपत्रांनी मुदत लांबत नाही, सर्वोच्च न्यायालयाने २००८ मध्ये सी. जेकब प्रकरणात हे सांगून टाकलंय. विलंब माफीचा अर्ज जोडावा लागेल आणि तालुक्याला यादी पोचलीच नाही हे दाखवावं लागेल. ज्यांचा नंबर खाली जाणार त्यांना प्रतिवादी करावंच लागतं, डब्याची सोबतीण असली तरी. थकबाकीची आशा फार धरू नका. मानीव दिनांक मिळाला तरी वेतननिश्चिती बहुधा काल्पनिक, म्हणजे फक्त कागदावर होते, मागचे पैसे मिळत नाहीत. त्या काळात त्या पदावर काम केलं नाही, मग पैसे कशाचे, असं म्हणतात.

मूळ प्रश्नकर्ती
परीक्षा दुसऱ्याच संधीत पास आहे, सेवापुस्तकात नोंद सापडली. नियुक्ती आदेशही मिळाला. वरिष्ठ लिपिकांची यंदाची यादी अजून प्रारूपच आहे, हरकतीला शुक्रवारपर्यंत वेळ आहे.

जुनी आस्थापना
मग आधी तीच हरकत द्या. नियम, निवड क्रमांक आणि दोन्ही तारखा, एका पानात. मानीव दिनांकाची मागणी त्यातच घाला. आवक शिक्का मारलेली पोच घेतल्याशिवाय टेबल सोडू नका.

मूळ प्रश्नकर्ती
दिली हरकत, पोच घेतली. सोबतिणीला आदल्या दिवशी जेवताना सांगितलं होतं. ती म्हणाली, "माझा नंबर बारावा होता. मला माहीत होतं गं."