सीताफळाला फुले येतात, पण फळ धरत नाही. मदत हवी आहे

नमस्कार. अमळनेरला आमच्या परसात बीपासून उगवलेले, सात वर्षांचे सीताफळाचे झाड आहे. आईने शेवटच्या आजारपणात खाल्लेल्या फळाच्या बिया तिनेच तिथे टोचल्या होत्या. हे झाड काढून कलम लावावे, असे दोघांनी सुचवले. माझे मन मात्र त्याला तयार नाही.

जमीन काळी असून दोन फुटांखाली चुनखडी लागते, आणि बोअरच्या पाण्याने भांड्यांवर पांढरा थर बसतो. आखाजीच्या सुमारास नव्या पालवीबरोबर झाड फुलांनी भरते, पण रोज सकाळी बुंध्याशी गळालेल्या फुलांचा सडा पडलेला असतो. मागच्या वर्षी जेमतेम चार फळे मिळाली, आणि माझ्या नोंदीनुसार ती चारही पाऊस सुरू झाल्यानंतर उमललेल्या फुलांची होती. शेजारच्या तुळशीवर मधमाश्या दिवसभर घोंघावतात, या फुलांकडे मात्र एकही फिरकत नाही. फूल पहिल्या दिवशी किंचितच उघडते आणि दुसऱ्या दिवशी पाकळ्या पूर्ण फाकून आतली भुकटी बोटाला लागते, एवढे मी पाहिले आहे. हाताने परागीकरण करता येईल का, आणि ते कोणत्या वेळी करावे?

याच परसात मोगऱ्याची कोवळी पाने पिवळी पडत आहेत, शिरा मात्र हिरव्याच राहतात. त्यावरही उपाय सुचवावा.

उत्तर :

ताई, झाड मुळीच तोडू नका. ते निरोगी आहे, आणि तुमच्या निरीक्षणातच बरेचसे उत्तर आले आहे. सीताफळाच्या फुलात स्त्रीकेसर आधी तयार होतात आणि पराग नंतर सुटतात, त्यामुळे फूल स्वतःच्या परागांनी सहसा फळत नाही. हे काम मधमाश्या नव्हे, तर अगदी लहान भुंगेरे करतात. शिवाय आपल्याकडच्या मे महिन्यातल्या ४४ अंशांच्या कोरड्या उन्हात स्त्रीकेसर लवकर सुकतात; पावसाळी दमट हवेत ते अधिक वेळ ओलसर राहतात, म्हणूनच तुमची फळे तेव्हा धरली.

सकाळी लवकर, ऊन चढण्यापूर्वी, पूर्ण फाकलेल्या फुलांतील भुकटी कोरड्या वाटीत झटकून घ्या आणि मऊ कुंचल्याने ती किंचित उघडलेल्या फुलांच्या मध्यभागी हलकेच फिरवा. पाकळ्या ओढून उघडू नका. जाड फांद्यांवरची वीस-पंचवीस फुले पुरेत. खरा भर मृगाच्या सरींनंतरच्या फुलांवर द्या. फळ तयार व्हायला साधारण चार महिने लागत असल्याने दिवाळीच्या आसपास ते हाती येईल. तोपर्यंत आळ्यात पालापाचोळ्याचे जाड आच्छादन ठेवा, म्हणजे माती एकदम सुकणार नाही.

मोगऱ्याला बहुधा लोह मिळत नाही. ते मातीत असते, पण चुनखडीमुळे मुळांना घेता येत नाही, म्हणून मातीत टाकण्यापेक्षा फवारणी बरी. एक लिटर पाण्यात पाच ग्रॅम फेरस सल्फेट आणि चिमूटभर लिंबूसत्त्व विरघळवून संध्याकाळी पानांवर फवारा, आणि पंधरा दिवसांनी पुन्हा एकदा द्या.

सीताफळाला फुले असताना आपण किती दिवसांनी आणि किती पाणी देता, तेही कळवा.