कल्पित जगातल्या दुर्मीळ वनस्पती : नावं कशी घडवावीत?

प्रश्न : कथा एका कल्पित डोंगराळ मुलखातली आहे. तिच्यात तीन दुर्मीळ वनस्पती येतात. एक वेल फक्त वठलेल्या झाडावर चढते. तिचा रस पोटात गेला की माणूस अलीकडचं सगळं विसरतो. दुसरीचा कंद अंधारात उजळतो. तिसरी १२ वर्षांतून एकदाच फुलते. सध्या विस्मृतिलता, चंद्रप्रकाशकंद आणि अमरपुष्प अशी नावं योजली आहेत. शिवाय या वनस्पतींना 'जादुई' म्हणावं की 'मंतरलेल्या'?

प्रतिसाद १ : 'मंतरलेली' नको. पाणी मंतरतात, ताईत मंतरतात, म्हणजे कुणीतरी त्यावर मंत्र टाकलेला असतो. तुमच्या वेलीचा गुण तिच्या अंगचाच आहे. 'मायावी'मध्ये फसवणुकीची छटा येते. दिसते एक आणि असते दुसरीच, अशी वनस्पती असेल तरच तो शब्द शोभेल. 'जादुई' हिंदी वळणाचा आहे, 'जादूची' म्हटलं की बालकथा वाटते. कथेतल्या वैद्याच्या तोंडी 'दिव्य औषधी' चालेल. गुराखी विशेषण लावणारच नाही, सरळ नाव घेईल.

प्रतिसाद २ : तिन्ही नावांची एकच अडचण आहे, ती कोशात बसून केल्यासारखी वाटतात. रानातली मराठी नावं डोळ्यांना दिसतं त्यावरून पडतात. फुलोऱ्यावरचं आवरण फण्यासारखं, म्हणून सापकांदा. पान उंदराच्या कानाएवढं, म्हणून उंदीरकानी. शेंगा पिळवटलेल्या, म्हणून मुरुडशेंग. पांढुरक्या खोडाच्या कांडोळाला भुताचं झाड म्हणतात. त्या चालीवर पहिली विसरवेल आणि दुसरी काजवकांदा.

तिसरीसाठी शब्द तयारच आहे : १२ वर्षं म्हणजे एक तप. मात्र 'तपपुष्पी' म्हणताना दोन 'प' एकमेकांत अडकतात आणि 'तपफुली'मुळे फुली मारणं आठवतं. 'तपकळी' जिभेवर नीट बसतं. 'अमर' तर टाळाच. अमरवेल ही खरी वनस्पती आहे, दुसऱ्या झाडांवर जगणारी, पिवळ्या दोऱ्यांच्या गुंत्यासारखी. 'अमरपुष्प' वाचलं की वाचक तिचंच फूल शोधणार.

प्रतिसाद ३ : संस्कृत नावांना सरसकट मोडीत काढू नये. मृतसंजीवनी, विशल्यकरणी, सुवर्णकरणी, संधानी ही रामायणातली नावं वनस्पती काय करते ते सांगतात. विशल्यकरणी म्हणजे रुतलेलं शल्य काढणारी. तेव्हा एकाच वेलीला दोन नावं द्या, गुराख्याच्या तोंडी विसरवेल आणि वैद्याच्या पोथीत विस्मृतिकरणी.

वर्णनाचा नमुना हवा असेल तर सुश्रुतसंहिता या आयुर्वेदाच्या प्राचीन ग्रंथातलं चिकित्सास्थान, म्हणजे उपचारांचा भाग, उघडा. २९व्या अध्यायात सोम या वनस्पतीचे २४ प्रकार आहेत. पानं सगळ्यांना १५. शुक्ल पक्षात रोज एक फुटतं, कृष्ण पक्षात रोज एक गळतं. ३०व्या अध्यायात आणखी १८ महौषधी येतात. त्यांतली अजगरी कशी ओळखायची? अंगावर पिंगट मंडलं म्हणजे वर्तुळं, सापासारखी दिसणारी, पाच पानांची, पाच अरत्नी लांब. अरत्नी म्हणजे कोपरापासून करंगळीच्या टोकापर्यंतचं माप. 'अद्भुत', 'तेजस्वी' असली विशेषणं न वापरता अजगरी डोळ्यांपुढे उभी राहते.

प्रतिसाद ४ : 'वेलीचा रस' इथेही अडतंय. कुटून, पिळून काढतात तो रस. चीर दिली की आपोआप ठिबकतो तो चीक, रुईचा किंवा शेराचा असतो तसा. खोडावर वाळून गोळा होतो तो डिंक. विसरवेलीला चीक द्या. मग कोयता लागताच तो हातावर येईल, आणि तोडणाऱ्याला हाताला पाला बांधून, वाऱ्याची दिशा बघून काम करावं लागेल. रस ठेवलात तर हा धोका उरत नाही आणि प्रसंग सपाट होतो.

फुलांचाही 'काढा' करायला लावू नका. काढ्याला एक भाग औषध, सोळा भाग पाणी, ते आटवून आठवा हिस्सा उरवायचा. मुळं आणि सालींना हे सोसतं, नाजूक पाकळीचा वास मात्र उडून जातो. तिच्यासाठी फांट : चौपट गरम पाणी ओतायचं, झाकायचं, गाळायचं. किंवा हिम : सहापट थंड पाण्यात रात्रभर भिजत ठेवायचं.

प्रश्नकर्ता : चीक आणि फांट घेतले. मात्रा कशात सांगावी? ग्रॅम त्या जगात खटकतो.

प्रतिसाद ४ : गुंज, मासा, तोळा. ८ गुंजांचा मासा, १२ माशांचा तोळा. तोळा साधारण ११.६६ ग्रॅमचा, म्हणजे गुंज जेमतेम ०.१२ ग्रॅम. चिकाला गुंज, वाळल्या चूर्णाला मासा. पाल्याला मूठ आणि ओंजळ पुरे, तिथे तोळे मोजणारा वैद्य हास्यास्पद दिसतो.

प्रतिसाद ३ : तपकळीबद्दल एक ठरवा : फुलल्यावर ती जगते की मरते? चरकसंहिता या आयुर्वेदाच्याच दुसऱ्या प्राचीन ग्रंथाच्या वर्गवारीत फळ पिकताच जी संपते ती 'ओषधी'. सह्याद्रीतली कारवी सात वर्षांनी फुलते, बी धरते आणि वाळून जाते. तपकळी तशी असेल तर फुलं खुडली की बी धरणार नाही, आणि त्या डोंगरावर पुढच्या तपाला काहीच उगवणार नाही. खुडण्यावर बंदी, पहारे, चोरटा व्यापार हे सगळं एवढ्या एका गुणातून निघतं. वेगळा शाप घालायची गरज नाही.

प्रतिसाद २ : छापायला देण्याआधी नावं विभक्तीत म्हणून बघा. 'चंद्रप्रकाशकंदाच्या सालीवरची बुरशी' म्हणताना धाप लागते. काजवकांदा – काजवकांद्याचा, तपकळी – तपकळ्यांना, हे सहज जातं. 'वेल' काही भागांत पुल्लिंगी, काही भागांत स्त्रीलिंगी. प्रश्नात तुम्ही 'ती वेल' लिहिलंत, तर शेवटपर्यंत 'विसरवेलीवर'च ठेवा. गावातल्या एखाद्या पात्राच्या तोंडी मात्र 'विसरवेलावर' आलं तरी बिघडत नाही.