नळी काढणं आणि इंजेक्शन देणं, यात गल्लत नको

"इच्छामरणाला मान्यता दिली की घरचेच म्हाताऱ्यांना ढकलतील" हा काही जणांचा मुद्दा धुडकावण्यासारखा नाही. इस्टेटीच्या भानगडी आमच्या पंचवटीतही कमी नाहीत. पण इंजेक्शन देऊन मरण आणणं आपल्याकडे आजही गुन्हाच आहे. सर्वोच्च न्यायालयाने २०१८ साली परवानगी दिली ती बरं होण्याची आशा नसताना कृत्रिम उपचार थांबवायला, आणि तेही डॉक्टरांच्या दोन मंडळांनी होकार दिल्यावर.

माझी आत्या नाशिकमध्येच आयसीयूत १९ दिवस होती. नाकातली नळी ओढते म्हणून हात गॉजपट्टीने पलंगाच्या कठड्याला बांधलेले. व्हेंटिलेटर लागायच्या आधी मला म्हणाली, "घरी ने रे." लेखी काहीच नव्हतं. तिच्या मुलांपैकी सही करायला कुणी पुढे होईना. (मी पडलो भाचा, बोलणार काय!)

बरं होण्याची आशा नसेल तर कृत्रिम उपचार नकोत, असं आधीच लिहून ठेवायचं ते लिव्हिंग विल. त्यासाठी २०२३ पासून मॅजिस्ट्रेटकडे जावं लागत नाही. दोन साक्षीदार आणि नोटरी किंवा राजपत्रित अधिकारी पुरे. मी दिवाळीनंतर केलं. सीबीएस बसस्थानकाजवळच्या नोटरीने आधी मृत्युपत्राचाच नमुना पुढे सरकवला. "काका, वाटणी कुणाकुणात?" फरक समजावण्यातच अर्धा तास गेला.