मिर्यामी कुओस्मानेन या फिनिश अभिनेत्रीविषयी माहिती हवी आहे

प्रश्न : करवीरकर, कोल्हापूर

आमच्या राजारामपुरीतल्या लहानशा चित्रपट-मंडळात या वेळी ‘वाल्कोइनेन पेउरा’ (पांढरे रेनडिअर) हा १९५२ सालचा फिनिश चित्रपट दाखवला. फिनलंडच्या उत्तरेकडील लॅपलंडच्या बर्फात घडणारी ही चेटकिणीची कथा सर्वांना आवडली. पण चर्चा पुन्हा पुन्हा वळत राहिली ती पिरिताचे काम करणाऱ्या मिर्यामी कुओस्मानेन यांच्याकडे. शोध घेतला तेव्हा दिग्दर्शक एरिक ब्लोमबर्ग यांच्याविषयी पुष्कळ मजकूर मिळाला, बाईंविषयी मात्र ‘दिग्दर्शकाची पत्नी’ यापलीकडे फारसे काही हाती लागले नाही. पुढच्या बैठकीसाठी मला टिपण लिहायचे आहे. या चित्रपटात त्यांचा वाटा नेमका किती होता, आणि त्यांनी इतरत्र काय काम केले, हे जाणकारांनी कृपया सांगावे.

उत्तर : पंचगंगाकाठ

करवीरकर, त्यांचा वाटा केवळ अभिनयाचा नाही, ही गोष्ट आपल्या टिपणात अगदी सुरुवातीलाच यावी असे मला वाटते. चित्रपटाची पटकथा कुओस्मानेन आणि ब्लोमबर्ग या दोघांनी मिळून लिहिली आहे. छायाचित्रण ब्लोमबर्ग यांनी स्वतः केले, त्यामुळे बर्फाच्या त्या विलक्षण प्रतिमांचे श्रेय त्यांना मिळते आणि ते योग्यच आहे. परंतु नवरा रेनडिअरचा कळप घेऊन दूर गेल्यावर घरात एकटी पडलेली, त्याचे प्रेम टिकावे म्हणून मांत्रिकाकडे जाणारी आणि त्याची भयंकर किंमत मोजणारी ही स्त्री जिने कागदावर उतरवण्यात हात दिला, तिनेच ती पडद्यावर उभी केली, हे समीक्षकांच्या नजरेतून बहुधा निसटते.

मांत्रिकाच्या झोपडीतला प्रसंग पुन्हा पाहा. पिरिता मदत मागायला आलेली असते. ढोलाचा विधी सुरू होतो आणि तिच्यातली शक्ती मांत्रिकापेक्षा मोठी आहे हे हळूहळू उघड होते, तेव्हा घाबरतो तो मांत्रिकच. चित्रपटात संवाद अत्यंत कमी असल्यामुळे हा सगळा बदल कुओस्मानेन यांना डोळ्यांनी आणि चेहऱ्याने दाखवावा लागतो. भीती, कुतूहल आणि एक प्रकारची ओढ त्यांच्या मुद्रेवर एकाच वेळी दिसते, आणि पुढे पांढऱ्या रेनडिअरचे रूप घेऊन शिकाऱ्यांना मोहात पाडताना ती ओढच उरते. मूकपटांच्या काळातल्या उत्तम अभिनयाशीच याची तुलना करता येईल.

इतर कामांपैकी ‘मिएहेन तिए’ (१९४०) अवश्य पाहावा. त्याचे दिग्दर्शक न्यूर्की तापिओवारा फेब्रुवारी १९४० मध्ये फिनलंड आणि सोव्हिएत संघ यांच्यातील हिवाळी युद्धात मारले गेले आणि चित्रपट सहकाऱ्यांनी पूर्ण केला. त्यांत ब्लोमबर्गही होते. कुओस्मानेन यांची त्यात महत्त्वाची भूमिका आहे. जन्म १९१५ चा, मृत्यू १९६३ चा. म्हणजे पन्नाशीही त्यांना लाभली नाही.

उत्तर : रंकाळा

वरील मताशी मी सहमत आहे, पण टिपणात एक गोष्ट टाळू नये. कथा सामी लोकांच्या, म्हणजे लॅपलंडच्या मूळ रहिवाशांच्या जगात घडते, आणि कुओस्मानेन स्वतः सामी नव्हत्या. मांत्रिक, बळी देण्याचा दगडी देव, ढोल या साऱ्याचे चित्रण बाहेरच्यांनी केलेले आहे. त्याने अभिनयाची उंची कमी होत नाही. तरीही प्रेक्षकांना हे सांगितले पाहिजे.

उत्तर : शाहूपुरी

‘बाई इतक्या अपरिचित का’ हा आपल्या प्रश्नामागचा प्रश्न आहे, असे मी समजतो. १९५३ साली कान महोत्सवात, फ्रेंच कवी-दिग्दर्शक झाँ कॉक्तो अध्यक्ष असलेल्या परीक्षक मंडळाने या चित्रपटाला परीकथा-चित्रपटासाठीचा पुरस्कार दिला. पुढे त्याला गोल्डन ग्लोबही मिळाला. जगाने चित्रपटाची दखल घेतली, पण तेवढीच. त्या काळातले बहुतेक फिनिश चित्रपट देशाबाहेर गेलेच नाहीत आणि भाषा जाणणारेही थोडे, त्यामुळे बाईंची बाकीची कारकीर्द परदेशी समीक्षकांच्या दृष्टीआड राहिली.

आपल्या कोल्हापुरातल्या माणसाला ही खंत चटकन कळेल. बाबूराव पेंटर यांच्या ‘सैरंध्री’त (१९२०) पुरुषांनीच स्त्रीभूमिका करण्याच्या काळात गुलाबबाई आणि अनसूयाबाई यांनी काम केले, पण आज तो चित्रपटच उपलब्ध नसल्याने त्यांच्या अभिनयाविषयी आपण काहीही बोलू शकत नाही. कुओस्मानेन यांच्या बाबतीत तसे नाही. फिनलंडच्या राष्ट्रीय दृक्‌श्राव्य संस्थेने ‘वाल्कोइनेन पेउरा’चे डिजिटल पुनरुज्जीवन केले आहे, आणि त्याच संस्थेच्या ‘एलोनेट’ या संकेतस्थळावर देशातल्या चित्रपटांची सविस्तर सूची विनामूल्य पाहता येते. मजकूर बहुतांशी फिनिशमध्ये असला, तरी यांत्रिक भाषांतराने काम भागते. बाईंचे नाव तिथे थेट शोधावे, म्हणजे अभिनय आणि लेखन या दोन्ही नोंदी एकत्र मिळतील.

प्रश्नकर्ता : करवीरकर

सर्वांचे मनःपूर्वक आभार. टिपणात पटकथाकार म्हणून त्यांचे नाव आधी येईल, आणि सामी समाजाविषयीचा मुद्दाही घेईन. ‘मिएहेन तिए’ उपशीर्षकांसह कुठे मिळाला, तर पुढच्या महिन्यात तोच दाखवण्याचा विचार आहे. कोणाकडे असल्यास कृपया येथे कळवावे.