'मित्राची गोष्ट' वाचतोय. शेवट बदलावा का?

विंगेतली मेघना (सांगली)

नमस्कार मंडळी. बऱ्याच दिवसांनी लिहितेय, जरा लांबेल.

आमचा सांगलीतला हौशी ग्रुप, नऊ जणांचा. दिवसा कुणी बँकेत, कुणी शाळेवर, एक जण हळदीच्या वखारीत हिशेब लिहितो. संध्याकाळी सात ते नऊ तालीम. दरवर्षी राज्य नाट्य स्पर्धेमागे धावून दमलो, म्हणून यंदा ठरवलं, स्पर्धा नको. एका वाचनालयाच्या हॉलमध्ये ऐंशी खुर्च्या मांडायच्या आणि तेंडुलकरांचं 'मित्राची गोष्ट' वाचायचं. संहिता हातातच, पण उठणं-बसणं, थोड्या हालचाली ठेवायच्या.

ज्यांनी वाचलं नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. काळ चाळीसच्या दशकातला, कॉलेजचा. बापू बुजरा, आणि सुमित्रा देव बिनधास्त. सगळे तिला मित्रा म्हणतात. कॉलेजच्या नाटकात मित्रा पुरुषाचं काम करते, समोर नायिका नमा. त्या नाटकात मित्राला आपलं आपल्याला कळतं. नमावर तिचा जीव जडतो. दोघींच्या भेटीला बापूची खोली मिळते. मन्या दळवीही नमाच्या मागे असतो. मग बभ्रा, बदनामी, आणि शेवटी मित्रा जीव देते. हे सगळं आपल्याला सांगतो तो बापू.

दुसऱ्या आठवड्यात मित्रा वाचणारी मुलगी मध्येच थांबली. फाईल मिटून म्हणाली, "ताई, मी हे वाचून घरी जाते तेव्हा मला शेवटचं पानच आठवत राहतं. ऐंशी माणसांत एखादी माझ्यासारखी बसलेली असेल, तर तिला आपण काय देऊन घरी पाठवणार?"

'माझ्यासारखी' हे ती आमच्यासमोर पहिल्यांदाच बोलली. कुणी काहीच बोललं नाही. हळदीवाला उठला आणि त्यानं पंखा कमी केला, तिचं बोलणं नीट ऐकू यावं म्हणून.

आता ग्रुपमध्ये दोन मतं झालीत. एक जण म्हणतो, शेवट बदलू, मित्राला मुंबईच्या गाडीत बसवू, जगू दे तिला. दुसरा म्हणतो, तेंडुलकरांना हात लावायचा नाही. मला दोघांचं पटतंय, त्यामुळे झोप नाही. तुम्ही काय कराल? आणि मराठीत असं आणखी काय काय झालंय तेही सांगा. मला फार थोडं माहीत आहे.

अनुस्वार

आधी कोरडी गोष्ट. हॉल लहान असो, तिकीट नसो, प्रयोगाच्या हक्कांसाठी लेखकाच्या वारसांची परवानगी घ्या. शेवट बदलायचा असेल तर ती लेखीच हवी. परिनिरीक्षण मंडळाकडून संहिता मंजूर करून घेतली असेल, तर जी मंजूर झाली तीच वाचायची.

आणि एक माणूस म्हणून सांगतो. 'सखाराम बाइंडर'मधली वाक्यं कापायला सांगितली तेव्हा दिग्दर्शक कमलाकर सारंग कोर्टात गेले होते, साल १९७२. या लेखकाचे शब्द जसेच्या तसे बोलता यावेत म्हणून लोकांनी बरंच सोसलंय. कारण चांगलं असलं तरी कात्री ती कात्रीच.

गंधर्वसख्य

मेघनाताई, मराठी रंगभूमीला हे नवीन नाही असं मला वाटतं. आपल्याकडे पुरुषच तर बायका व्हायचे! भाऊराव कोल्हटकर, मग बालगंधर्व. त्यांची 'स्वयंवर'मधली रुक्मिणी, 'एकच प्याला'मधली सिंधू पाहून बायका साडी कशी नेसायची ते शिकत. तुमच्या कार्यक्रमाच्या आधी दहा मिनिटं स्त्रीपार्टी नटांवर बोललात तर लोकांना जवळचं वाटेल.

तिसरी घंटा (पुणे)

गंधर्वसख्य, तुमचं प्रेम समजतं, मीही नाट्यपदांवरच वाढलो. पण या दोन गोष्टी एका पिशवीत घालू नका. स्त्रीपार्टी ही गरज होती. घरंदाज बाईनं रंगमंचावर यायचं नाही, म्हणून पुरुषानं लुगडं नेसायचं. १९३३ साली 'आंधळ्यांची शाळा'त ज्योत्स्ना भोळे आणि पद्मावती वर्तक उभ्या राहिल्या आणि ती गरज संपत आली. सिंधूचा सुधाकर हा तिचा नवरा, आणि प्रेक्षक पाहत होते तो नवरा-बायकोचाच संसार. लुगड्याच्या आतल्या माणसाला काय वाटतं, हे कुणी विचारलं नाही.

ते विचारलं सतीश आळेकरांनी, 'बेगम बर्वे'त. १९७९, थिएटर अकादमी, बर्वे झाले होते चंद्रकांत काळे. हा बर्वे नाटक कंपन्यांत बारीकसारीक स्त्रीभूमिका केलेला, आता श्यामरावच्या धाकाखाली उदबत्त्या विकणारा. ओठांवर गंधर्वांची पदं. जावडेकर आणि बावडेकर या दोन कारकुनांच्या स्वप्नात तो नलावडेबाई होऊन शिरतो, लग्न होतं, डोहाळे लागतात. मी हे नाटक तीनदा पाहिलं. पदं सुरू झाली की प्रेक्षक माना डोलावतात, आणि नेमकं त्याच वेळी समोरच्या माणसाचं काय चाललंय ते विसरतात. स्वप्न फाटतं तेव्हा बर्वेच्या अंगावर काहीच उरत नाही. गंधर्वसख्य, स्त्रीपार्टीवर बोलायचंच असेल तर बर्वेपासून बोलू या.

मेघना, शेवटाबद्दल. मित्रा वाचणाऱ्या तुमच्या मुलीला जे खुपतंय ते फक्त मराठीतलं नाही. न्यूयॉर्कला १९३४ साली लिलियन हेलमन यांचं 'द चिल्ड्रन्स अवर' आलं. त्यात दोन शिक्षिकांचं एकमेकींवर प्रेम आहे असा एक पोरगी आळ घेते. त्यातल्या मार्थाला उमगतं की आळात आपल्यापुरतं खरं आहे, आणि ती स्वतःला गोळी घालते. त्याच शहरात १९२७ साली, 'द कॅप्टिव्ह' या नाटकावर पोलिसांची धाड पडल्यानंतर, असा विषय रंगमंचावर आणलात तर थिएटरला टाळं ठोकू असा कायदा झाला होता. लंडनमध्ये नाटकांना परवानगी देणाऱ्या लॉर्ड चेंबरलेनच्या कचेरीनं हा विषय १९५८पर्यंत वर्ज्यच ठेवला, आणि नाटकांची सेन्सॉरशिप उठायला १९६८ उजाडलं. अशा काळात त्या बाईला मारून टाकलं की नाटककाराला वाट मिळे, प्रेक्षकालाही हायसं वाटे. तेंडुलकरांनीही मित्राला मारलं, पण हायसं वाटू दिलं नाही, असं माझं वाचन आहे. ते का, हे माझ्यापेक्षा चांगलं सांगणारी माणसं इथे आहेत.

शरयू दादर

मेघना, मी इथे सहसा फक्त वाचते. आज लिहिते.

माझं वय त्रेसष्ट. 'मित्राची गोष्ट'चा पहिला प्रयोग १५ ऑगस्ट १९८१ला ठाण्याला गडकरी रंगायतनमध्ये झाला. विनय आपट्यांचं दिग्दर्शन, मित्रा झाल्या होत्या रोहिणी हट्टंगडी. मी पाहिला तो त्यानंतरचा, मुंबईतला. एकोणीस वर्षांची होते. मावशीनं तिकिटं काढली होती, कारण तेंडुलकर म्हटलं की ती चुकवत नसे. विषय काय, तिला ठाऊक नव्हतं. मला तर नव्हतंच.

मावशीच्या मांडीवर तिची काळी पर्स होती, वर पितळेची चाप असलेली. मित्रा बापूला स्वतःबद्दल सांगायला लागली आणि मावशी ती चाप उघडायला-मिटायला लागली. टक्, टक्. तिला कळतही नव्हतं. मला मात्र तो आवाज सबंध थिएटरात ऐकू जातोय असं वाटत होतं, आणि त्याबरोबर माझ्या आतलंही सगळं. पुढच्या रांगेतला एक माणूस बायकोला घेऊन उठला, पाय ओलांडत बाहेर गेला. मध्यंतरात मावशीनं वडा घेतला, अर्धा मला दिला, दोघी गप्प. परतताना बसमध्ये ती एवढंच म्हणाली, "काय काम केलंय गं पोरीनं!" आणि माझा हात धरून बसली, दादर येईपर्यंत. तिला काय कळलं होतं ते मी कधी विचारलं नाही. ती गेली त्याला आता वीस वर्षं होतील.

तुझी मुलगी विचारते, त्या एखादीला काय देऊन घरी पाठवणार. मी ती एखादी होते, म्हणून सांगते. मला शेवटचं पान घेऊन घरी जावं लागलं, हे खरं आहे. कितीतरी रात्री ते उशाशी होतं. पण त्याच्याबरोबर आणखी एक गोष्ट आली, आणि तिच्यावर मी तरले. ती म्हणजे मी एकटी नाही, माझ्यासारखी कुणीतरी आहे, आणि ती इतकी खरी आहे की तेंडुलकरांसारख्या माणसाला तिच्यावर अख्खं नाटक लिहावंसं वाटलं. त्याआधी असली बाई मी कुठे पाहिलीच नव्हती. घरात नाही, पुस्तकात नाही, पडद्यावर नाही. आपल्याला काय होतंय त्याला शब्दसुद्धा नव्हता माझ्याकडे.

आता नाव बघ. 'मित्राची गोष्ट'. कुणाची? मित्रा या मुलीची, की बापू नावाच्या मित्राची? जुन्या वळणानं 'मित्रेची' झालं असतं, पण आपण बोलताना 'सुमित्राची वही'च म्हणतो, म्हणजे दोन्ही अर्थ लागतात. गौरी रामनारायण यांच्या इंग्रजी अनुवादाच्या नावात, 'अ फ्रेंड्स स्टोरी'त, मैत्रीच तेवढी उरली. मराठीत तेंडुलकरांना निवडावं लागलं नाही, आणि मला वाटतं त्यांनी मुद्दामच निवडलं नाही. बापू वाईट नाही गं. तो खोली देतो, बोलणी खातो, तिच्यासाठी झिजतो. आणि शेवटी शेवटी तोही लांब होतो. मित्रा मरते तेव्हा गावातला सगळ्यात भला माणूससुद्धा तिच्यापाशी नसतो. तिला गाडीत बसवलंस तर बापू सुटला, आणि त्याच्याबरोबर खुर्चीत बसलेले ऐंशी जणही सुटले. त्यांना सोडू नकोस.

नाटकाच्या दुसऱ्या दिवशी मी माझ्या कॉलेजातल्या मैत्रिणीला जिन्यात गाठून सगळं सांगितलं. माझ्या प्रेमातली नव्हे, साधी मैत्रीण. घाबरून मी जिन्याच्या कठड्याची खपली नखानं काढत होते. तिनं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "बरं. लेक्चर बुडवायचं का आज?" आम्ही लेक्चर बुडवलं. तिनं पुढे मला कधीच टाकलं नाही. मी ज्या बाईबरोबर गेली एकोणतीस वर्षं राहते, तिला आमच्या घरी पहिल्यांदा जेवायला बोलावलं तेही हिनंच, माझ्या आईला समजावून. ६ सप्टेंबर २०१८ला समलिंगी संबंध गुन्हा नाही असा सुप्रीम कोर्टाचा निकाल लागला तेव्हा पहिला फोन तिचाच आला. मी जगले ते गाडीत बसून नाही, कुणीतरी बापूसारखं मागे सरलं नाही म्हणून.

तेव्हा तुझ्या मुलीला सांग, शेवट तसाच वाच. पण बापू वाचणाऱ्याला दिलासा देऊ नकोस. त्याचा आवाज भरून येऊ दे आणि भरून आलेल्या आवाजाचा काही उपयोग नाही हेही दिसू दे. वाचन संपल्यावर दिवे लावून लोकांना घाईनं बाहेर काढू नकोस. खुर्च्या तशाच ठेव, चहा ठेव, कुणाला बोलायचं असेल तर बसू दे. आणि सगळ्यात महत्त्वाचं, तालमीनंतर तिला एकटीला घरी सोडू नका. रोज ते पान वाचणं सोपं नाही. आळीपाळीनं पोचवा.

माधवबागेतून

शरयूताई, तुमचं वाचून बराच वेळ काही सुचलं नाही.

मेघना, तू आणखी काय झालंय विचारलं होतंस. चेतन दातारांचं 'एक माधवबाग' शोध. मूळ मराठी, एका आईचं स्वगत, जिला कळतं की मुलगा समलिंगी आहे. मोना आंबेगावकर ते हिंदीत, इंग्रजीत वाचतात. मी ऐकलं तेव्हा संपल्यावर गप्पा झाल्या, आणि एक काका उठून फक्त म्हणाले, "माझा मुलगा बेंगळुरूला असतो," आणि बसले. पुढचं सगळ्यांना समजलं. दातार २००८ मध्ये फार लवकर गेले. 'मित्राची गोष्ट'मध्ये मित्राची आई कुठे आहे हा प्रश्न मला नेहमी छळतो. ती आई मला या स्वगतात भेटली. तुमच्या कार्यक्रमानंतर महिन्याभरानं हेही वाचलंत तर मी मिरजेहून येईन.

विंगेतली मेघना (सांगली)

काल तालमीला शरयूताईंचं उत्तर मोठ्यानं वाचलं. मित्रा वाचणारीनंच वाचलं. 'लेक्चर बुडवायचं का आज' इथे ती हसली, आणि मग तिला पुढचं वाचता येईना, तेव्हा बापू वाचणाऱ्या मुलानं फाईल घेऊन पूर्ण केलं. तो अठ्ठावीस वर्षांचा आहे. आजवर तो बापूचं शेवटचं बोलणं अगदी सुरात, गहिवरून वाचायचा. काल नाटक वाचताना त्या जागी थांबला आणि म्हणाला, मी हे आजपर्यंत टाळ्यांसाठी वाचत होतो.

शेवट बदलत नाही. वारसांना पत्र पाठवलंय, अनुस्वार, आभार. चहाचं थर्मास वाचनालयच देणार आहे. तिला रोज पोचवायची पाळी लावलीय, ती म्हणते मला काही झालं नाहीये, तरी हसत गाडीवर बसते. 'एक माधवबाग'ची संहिता मिळवायच्या मागे आहे.

शरयूताई, तुम्ही यायचंच. महालक्ष्मीनं निघालात तर सकाळी सांगलीला उतराल. हळदीवाला स्टेशनवर गाडी घेऊन थांबेल. तुम्ही दोघी येणार असाल तर तसं कळवा, दुसरी गाडी मी आणते.