मीलवर्मचे भुंगे वर्गात ठेवलेत, उन्हाळ्यात कसं करायचं?

झेडपी_गुरुजी (यवतमाळ)
चौथीच्या पोट्ट्यायले किड्याच्या चारही अवस्था दाखवाव्या म्हणून नागपूरहून पाखरांच्या खाद्याच्या दुकानातून मीलवर्म (एका भुंग्याच्या अळ्या) आणले, प्लास्टिकच्या डब्यात गव्हाचा कोंडा टाकला, आता कोषातून भुंगे निघून राहिले. पण काही पांढरेफटक हायेत, आजारी आहेत का? अंडी तर एकही दिसत नाही. आणि वर्गावर टिनपत्रं, मे महिन्यात पारा ४५ वर जाते, लाईटचा काही भरवसा नाही. कोणी केलंय का हे?

पाखरूवेडा
पांढरे म्हणजे नुकतेच निघालेले सर, आधी तांबूस अन् मग काळे होतीन, काळजी नको. अंडी डोळ्याले दिसतच नाहीत, चिकट असतात त्यामुळे कोंडाच लागून राहते त्याले. भुंगे अंडी आणि कोष दोन्ही खातात, म्हणून पंधरा दिवसांनी भुंगे चाळून दुसऱ्या डब्यात टाकजा, पण जुना कोंडा फेकू नका, काही दिवसांनी तोच हलताना दिसन. पाण्याची वाटी अजिबात नको, बुडून मरतात. गाजराची चकती नाहीतर बटाट्याची फोड पुरते, बुरशी धरायच्या आत काढायची.

वर्धेकर
२५ ते २८ डिग्री त्यायले मानवते, ३५ च्या पुढं कठीण. परातीत ओली रेती, त्यावर डबा, अंधाऱ्या खोलीत. डब्यात ओल जाऊ देऊ नका, आणि कूलरसमोर तर बिलकुल नको, दमट झालं की बुरशी अन् माइट्स (कोळ्याच्या जातीचे बारीक जीव) येतात, मग सगळं फेकाच. सुट्टीत अळ्या फ्रिजच्या दारात ठेवता येतात, थंडीत वाढ मंदावते (घरच्यांची परवानगी तुमी पाहा).

शेतकरी_पोट्टा
जास्त झाले तर बाहेर सोडू नका बरं, साठवलेल्या धान्यातली कीड आहे ते. कोंबड्यायले टाका, खुशीनं खातात. आणि चाळताना धूळ उडते, वर्गात दमेवालं पोरगं असन तर त्याले दूर बसवा.

पाखरूवेडा
एक राहिलं, दुकानदार कधी सुपरवर्म देते, दोन इंचाची अळी. ती गर्दीत कोष करतच नाही, एकेक वेगळी ठेवा लागते. तुमचे कोष झाले म्हणजे मीलवर्मच दिसतात.

झेडपी_गुरुजी
हो, इंचभरच होत्या. रेतीवाली परात उद्याच लावतो. फ्रिजचं मात्र घरी विचारायची हिंमत नाही, हेडमास्तरांच्या घरी जमते का बघतो 😄